गोष्टीचा रंग हातानं ओळखायचा

माझी माय गोष्टींना रंग लावायची. म्हणजे ती स्वतः असं म्हणत नसे. तिच्या मते रंग गोष्टीला आधीपासून असतोच, आपल्याला तो ओळखता आला पाहिजे. पिवळी गोष्ट, लाल गोष्ट, हिरवी गोष्ट. वाण्याच्या दुकानात डाळींचे डबे जसे वेगवेगळे, तशा तिच्या डोक्यात गोष्टी वेगवेगळ्या ठेवलेल्या असत. बाबा हसायचे. म्हणायचे, "आमच्या घरी एक नवं शास्तर निंगालं हाये. काशीच्या पंडिताले बी मालूम नाई."

माय चुलीपुढून म्हणायची, "काशीत कापूस होते काय? मंग त्याहीले कसं मालूम राहीन?"

तर हे शास्त्र कापसाच्या वावरातलं. आमचं गाव सेलूपासून आत, डोंगराच्या अंगाला. देशाला स्वातंत्र्य मिळून थोडीच वर्षं झाली होती, आम्ही तेव्हा मध्यप्रदेशात मोडत होतो आणि आमची राजधानी नागपूर. मला त्याचं काही नव्हतं. मी नऊ-दहा वर्षांची, शाळा दुसरीत सुटलेली. पुढं वाचायला शिकले ते किराण्याच्या पुड्यांचे कागद वाचून वाचून, पण ती वेगळी कथा. सध्या वावरात चला.

कापूस वेचताना बायका ओळीनं उभ्या राहतात, एकीची एक पात. कमरेला ओटी बांधलेली, दोन्ही हात पऱ्हाटीवर, म्हणजे कापसाच्या झाडावर. दव वाळलं की सुरू करायचं, ते ऊन कललं तरी संपत नाही. हात गुंतलेले आणि तोंडं मोकळी. आता बायकांची तोंडं मोकळी असली की काय होतं ते मी कशाला सांगू? मागच्या होळीचं भांडण निघतं. म्हणून माय गोष्ट सांगायची. गोष्ट ऐकायची तर ओळ मोडून चालत नाही. मागं पडलीस तर ऐकू येत नाही, पुढं गेलीस तरी ऐकू येत नाही. अशी आमची ओळ वावरात सरळ चालायची, आणि शेजारचे कास्तकार धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, उभे राहून पाहायचे की यांच्या बायका अशा कवायतीसारख्या कशा चालतात.

माझं काम हूं द्यायचं. गोष्टीला हुंकार लागतो. एक वाक्य झालं की कोणीतरी "हूं" म्हटलं पाहिजे, नाहीतर सांगणाऱ्याला वाटतं सगळे झोपले. मोठ्या बायका विसरायच्या, म्हणून माय मला शेजारच्या पातीत घ्यायची. मी बोंडं कमी वेचायची आणि हूं जास्त द्यायची.

रंगाचं असं. माय सांगता सांगता डोळ्याच्या कोपऱ्यातून बायकांचे हात पाहायची. ती म्हणायची, तोंडं खोटं बोलतात. कोणाला काय आवडलं हे तोंडावरून कळत नाही, बायका तोंडं सांभाळून असतात. हात सांभाळता येत नाहीत. लग्नाची, फजितीची, सासूला चकवल्याची गोष्ट सांगितली की बायका हसतात आणि हसण्याच्या भरात बोंडाबरोबर वाळलेली पत्तीही ओरबाडतात. संध्याकाळी ओटी उलटी केली की कापसात कचराच कचरा. ती पिवळी गोष्ट. वाघाची, दरोड्याची, भांडणाची सांगितली की हात भराभर चालतात, पण बोंडाची टोकं बोटांत घुसतात, कापसावर रक्ताचे थेंब. ती लाल. माहेरची गोष्ट हिरवी. हिरवीत हात थांबतात. मान आपोआप रस्त्याकडं वळते. म्हणून हिरवी गोष्ट दिवसाला एकच, तीही भाकर खाल्ल्यावर, जेव्हा हात तसेही जड असतात. देवादिकांची निळी, तिच्यात हात नीट चालतात पण एकसारखे जोडायला उठतात. आणि सगळ्यात चांगली पांढरी. पांढऱ्या गोष्टीत काही होतच नाही. एका बाईनं सकाळी अंबाडीची भाजी केली, गाय व्याली, पाव्हणा आला, पाव्हणा गेला. पांढऱ्या गोष्टीत कापूस साफ निघतो. सकाळची सुरुवात नेहमी पांढरीनं.

राहिली काळी. मरणाची. तिला वावरात जागा नव्हती.

याला कारण होतं. मी अगदी लहान असताना ओळीतल्या एकीनं आपली बहीण विहिरीत गेली ती हकीकत सांगितली होती म्हणे. सगळ्या रडल्या, पाती तशाच सोडून घरी गेल्या, आणि त्याच आठवड्यात फुटलेल्या कापसावर पाऊस पडला. सारा कापूस कवडी झाला. कवडी म्हणजे डागाळलेला, पिवळा-काळा पडलेला, चिकटून घट्ट झालेला कापूस. तेव्हापासून मायचा नियम पडला: काळी गोष्ट वावरात काढायची नाही. कोणी काढलीच तर माय खाकरायची नाही की रागवायची नाही, सरळ मोठ्यानं दुसरी सुरू करायची.

आता काकूचं सांगते. सगळं त्याच्यासाठीच चाललं आहे.

काकू म्हणजे माझ्या धाकट्या काकाची बायको. माहेर नालवाडीचं, वर्ध्याच्या अंगाचं. तिकडं घरोघरी सूत कातायचे, ती येताना टकळी घेऊन आली होती. आम्हाला कापूस वेचून बैलबंडीत भरेपर्यंतच ठाऊक, पुढं त्याचं काय होतं ते काकूला माहीत. बोटांत पिंजलेल्या कापसाचा पेळू धरून ती टकळी अशी गरकन फिरवायची की मी तोंड उघडं ठेवून पाहत बसायची. आणि बोलकी! नालवाडीच्या गोष्टी सांगायला लागली की माय भाकरी करपवायची.

त्या वर्षी तिला मुलगा झाला आणि पावसाळ्यात तापानं गेला. रांगायलाही लागला नव्हता. त्यानंतर काकू बोलायची बंद झाली. विचारलं तर "हो", "नाई". बस. काम सगळं करायची. पाळणा माळ्यावर टाकला, झबली मायनं कुठंतरी ठेवून दिली, आणि घरात बाळ हा शब्दच कोणी काढीनासं झालं. शेजारणी आपली लेकरं घेऊन आमच्या दारावरून न येता मागून जायच्या. सगळ्यांनी चांगल्यासाठीच केलं.

पहिल्या वेच्याला, म्हणजे पहिल्या वेचणीला, आमच्याकडं वावरात दहीभात शिंपडतात. पऱ्हाटीखाली खडे मांडायचे, त्यांना हळदीकुंकू लावायचं, दहीभात द्यायचा, मग पहिलं बोंड तोडायचं. लेकुरवाळीनं करायचं. मागच्या वर्षी काकूचं पोट दिसत होतं तर मायनं तिच्याच हातून करवलं होतं. या वर्षी ती लांब धुऱ्यावर उभी राहिली. कोणी सांगितलं नाही, तीच उभी राहिली.

आणि आबाजी, म्हणजे माझे आजोबा, एक दिवस जेवता जेवता म्हणाले, "वेचनी सरली का धाकल्या सुनबाईले नालवाडीले पोचवून देऊ. तिथं तिची माय हाये. बोलाले लागली का आनू."

आणू म्हणजे काय ते सगळ्यांना कळलं. गावात अशी पोचवलेली एक होती, तिच्या नवऱ्याचं दुसरं लग्न होऊन दोन लेकरं झाली होती आणि ती अजून "पोचवलेली"च होती. आबाजी वाईट नव्हते. त्यांना घरातल्या त्या गप्प माणसाची भीती वाटायची, असं मला आता वाटतं. काका ताटात बोट फिरवत बसले. मायनं दारामागून म्हटलं, "जाऊ द्या ना, इथंच बोलंन थे."

आबाजी म्हणाले, "बोलली तं मले सांगजो."

यात एक मोठीच अडचण होती, आणि ती आजच्या पोरींना सांगितली तर त्या हसतात. सून सासऱ्यापुढं बोलतच नसे. चांगली बोलती सूनसुद्धा नाही; थोरली सून फार तर दारामागून एखादं वाक्य टाकायची. आबाजी घरात शिरताना उंबऱ्याबाहेर खाकरायचे, वावरात शिरताना धुऱ्यावरून खाकरायचे. तो खाकरा ऐकला की माय आणि काकू पदर हनुवटीपर्यंत ओढायच्या आणि गप्प व्हायच्या. मग काकू बोलते की नाही हे आबाजींना कळणार कसं? मायनं "बोलली" म्हटलं तर ते म्हणणार, जाऊ आहे, पाठीशी घालते. हे मायला पुरतं ठाऊक होतं. तरी तिनं पदर खोचला.

तिनं काकूला वावरात आपल्या उजव्या हाताला घेतलं, मला डाव्या हाताला, आणि वैद्य पुड्या देतो तसे रंग सुरू केले.

पहिले दिवस पिवळे. नवरदेवाच्या मुंडावळ्या बकरीनं खाल्ल्या, ती गोष्ट मायनं अशी सांगितली की एक बाई पातीतच बसली, पोट धरून. "पुरे कर व माय, माह्यानं उभं नाई राह्यवत!" काकूचे हात आपले चालू. बोंडामागून बोंड. ओटीत एक पत्ती नाही. मग लाल. बंडीखाली वाघ बसलेला आणि वर नवरा-बायको भांडतात, त्यांना पत्ताच नाही. सगळ्यांची बोटं रक्ताळली, काकूची नाही. मग मायनं भीत भीत हिरवी काढली, नालवाडीच्या रस्त्याची. काकूनं एकदा मान वर केली. रस्त्याकडं पाहिलं. मला वाटलं, आता! पण तिनं मान खाली घातली.

घरी माय चुलीत फुंकर घालता घालता म्हणाली, "रंग सरले, पोरी."

मी म्हटलं, "काळा राह्यला ना."

"चूप बस. तुह्या तोंडाले काही हाड हाये का नाई?"

आमच्या ओळीत पाड्यावरची एक मावशी होती. गोंड. घरी त्यांची बोली वेगळी, आमच्याशी आमच्यासारखंच बोलायची. गालात तंबाखू, जीभ तिखट आणि आपली पात कोणाला देणार नाही. मायच्या शास्त्राची तिनं कायम टर उडवलेली. मायनं काळ्या गोष्टीचा नियम सांगितला की ती पायाखालचं ढेकूळ उचलून दाखवायची. "हे काय हाये व? पांढरं हाये? वावर आख्खं काळं, अन् तुले काळी गोष्ट चालत नाई."

वेचणी सरत आली तशी माय गप्प गप्प व्हायला लागली. शेवटचा वेचा, झाडावर थोडंच राहिलेलं. काका बंडीच्या चाकाला वंगण घालताना दिसले, ते कशासाठी ते माहीत होतं. त्या दिवशी मायनं पांढरी सुरू केली आणि अर्ध्यातच सोडून दिली. तिचं मन लागेना.

मावशी पचकन थुंकून म्हणाली, "आज मी सांगतो. पन माह्या बोलीत सांगीन. मंग लाव रंग, पाहू तुहं शास्तर."

बायका म्हणाल्या, "सांग व मावशे, काही तं सांग."

मावशीनं सुरू केलं. एक शब्द कोणाला कळला नाही. पण आवाज असा मऊ, एका लयीत, जसं दूर कोणी जात्यावर दळता दळता ओवी म्हणतं आहे. मी हूं देत गेले. न कळता हूं दिलेली माझ्या आयुष्यातली ती पहिलीच गोष्ट. बायकांचे हात हळूहळू मंद झाले. एक-दोघी थांबल्या. एकीनं रस्त्याकडं पाहिलं. मायनं सगळ्यांचे हात नेहमीसारखे पाहून घेतले आणि गोष्ट संपल्यावर म्हणाली, "हिरवी हाये. माहेरची. नाई का?"

बायकांनी माना डोलावल्या.

आणि मायच्या उजव्या बाजूनं आवाज आला. "जाऊबाई, हिरवी नाई होय. काळी हाये."

आम्ही सगळ्या तशाच उभ्या. तो आवाज मी कित्येक महिन्यांत असा ऐकला नव्हता. जरा घोगरा झाला होता.

माय वळलीसुद्धा नाही. वळली तर तो आवाज उडून जाईल अशी तिला भीती वाटली असावी. पुढच्या बोंडाकडं पाहतच तिनं विचारलं, "तुले कसं समजलं व? तुले तिची बोली येते?"

"नाई येत. तुमी आयकनाऱ्याचे हात पाहता. सांगनारीचे पाहत नाई. मावशीचे हात पाहा ना. रिकामी बोंडं चाचपून राह्यल्या."

खरंच होतं. मावशीच्या पातीत वेचून झालेल्या झाडाची उघडी, रिकामी बोंडं होती, आणि ती गोष्ट सांगता सांगता एकेका बोंडात बोटं घालून पाहत मागं मागं आली होती. तिला स्वतःला पत्ता नव्हता. मायचं असं झालं होतं की गोष्ट नेहमी ती स्वतःच सांगायची. मग सांगणारीचे हात पाहणार कोण?

मावशीनं हात मागं घेतले. म्हणाली, "माह्या मायनं मले सांगतली होती. माही पयली पोर गेली तवा." मग मायकडं पाहून, "तू सांगू देत नोती तं मी अशी सांगतली. कोनाले समजते, म्हटलं."

मायनं आभाळाकडं पाहिलं. सगळ्यांनीच पाहिलं, खोटं कशाला बोलू? आभाळ निरभ्र. एक ढग नाही. तरी मायनं काही दुसरी गोष्ट सुरू केली नाही. आम्ही धुऱ्यावर जाऊन भाकर आणि चून, म्हणजे पिठलं, खाल्लं. काकूनं आपल्या भाकरीतली अर्धी मावशीच्या फडक्यावर ठेवली. मावशीनं ती खाल्ली.

पुन्हा पाती धरल्या. पऱ्हाटीत पाय घासल्याचा तेवढा आवाज.

"एक होतं लेकरू," काकू म्हणाली.

मी हूं द्यायचंच विसरले. मावशीनं पलीकडून माझ्याकडं पाहून डोळे वटारले. "हूं दे व पोरी! गोष्ट अडली तिची."

"हूं," मी म्हटलं.

"त्याले उजेडाचं भारी याड. छपराच्या कवेलूच्या फटीतून ऊन पडते ना घरात, गोल गोल, जिमिनीवर? ते पकडाले जाये. मूठ बांधे. मंग मूठ उघडून पाहे तं काही नाई. मंग असं मायकडं पाहे, जसं मायनंच लपवून ठेवलं."

एकीला हसू फुटलं. ती घाबरून थांबली, पण काकूच्या तोंडावरही थोडं तसंच काही होतं, मग दुसरीही हसली.

"हूं."

"उचकी लागली का काही केल्या थांबे नाई. पन बैल घरी आले, घागरमाळा वाजल्या, का थांबे. माय टकळी फिरवे तं त्याचे डोये टकळीसंगं फिरत. फिरत फिरत झाकून जात. मायचं सूत तुटे. माय म्हने, सूत काय, उद्या कातू."

"हूं."

"बापानं त्याले एक दिवस खांद्यावर घेतलं अन् त्यानं बापाचा कान असा धरला, सोडेच नाई. बाप तसाच गोठ्यात गेला, तसाच बैलाले पानी पाजून आला."

हे आम्हाला कोणाला माहीत नव्हतं. काकांनी कधी सांगितलं नव्हतं. मायनं डोळ्याला पदर लावला, पण हात थांबवले नाहीत.

"मंग एक दिवस त्याले ताप आला," काकू म्हणाली आणि थांबली.

आता हूं हवं होतं. मला ते द्यायचं होतं, देवाची शपथ, पण तोंड उघडलं असतं तर रडूच बाहेर आलं असतं. मी मावशीकडं पाहिलं. तिचं तोंड मिटलेलं, गाल ओले. मायही गेली कामातून. आख्खी ओळ उभी. काकूची नजर बोंडावर, आणि गोष्ट अशी मधेच लोंबकळत राहिलेली, आता मागं फिरते की काय अशी.

आमच्या कापसात मधूनमधून तुरीचे तास, म्हणजे ओळी, होत्या. तूर पुरुषभर वाढलेली. त्या तुरीच्या आडून आवाज आला.

"हूं."

जाड, पुरुषी, म्हातारा आवाज. कोणाचा ते ओळखायला नको होतं. आबाजी. किती वेळचे उभे होते कोण जाणे. धुऱ्यावरून येताना खाकरले नव्हते. उभ्या आयुष्यात पहिल्यांदा.

सरसर पदर ओढले गेले. काकूनं तर असा ओढला की तिचं तोंडच दिसेना. मला वाटलं, संपलं. सासरा तिथं उभा आहे, आता ही काय बोलते?

पदराआडून आवाज आला. आधीपेक्षा बारीक, पण आला.

"ताप आला. मायनं थंड पान्याच्या पट्ट्या ठेवल्या. बाप सेलूले दवाई आनाले गेलता. नाल्याले पूर होता, त्याले येता नाई आलं."

"हूं," तुरीतून.

"सकाळी फटीतून ऊन पडलं. मायनं त्याले उन्हापाशी नेलं. त्याची मूठ बांधलेली होती. मायले वाटलं, उघडून पाहाव काय. मंग वाटलं, राहू द्याव. त्यानं पकडलं असंन तं."

"हूं."

"इतकीच हाये," काकू म्हणाली.

तुरीची पानं हलली. पावलं दूर गेली. पार धुऱ्याच्या टोकाला गेल्यावर आबाजी खाकरले. येताना खाकरायचं ते जाताना. खाकरा काही नीट निघाला नाही, दोनदा काढावा लागला.

आम्ही उरलेली पात पुरी केली. ऊन उतरल्यावर फडक्यावर ओट्या उलट्या केल्या तेव्हा माय खाली बसली आणि कापसात हात घालून घालून पाहू लागली. ही ओटी पाहिली, ती पाहिली. पत्ती नाही. रक्ताचा थेंब नाही. कवडी वेगळी, साफ कापूस वेगळा, जिथल्या तिथं. इतका साफ वेचा तर मायच्या पांढऱ्या गोष्टीनंही कधी निघाला नव्हता.

मावशी तिच्या डोक्याशी येऊन उभी राहिली. "लाव आता रंग."

"थांब व," माय म्हणाली. "घाई काऊन करून राह्यली?"

दुसऱ्या दिवशी सकाळी बंडी जुंपलेली दारात उभी. काकूनं आपलं गाठोडं बांधून ओसरीवर आणून ठेवलं होतं. तिला कोणी काही सांगितलं नव्हतं, म्हणून तिनं ठरल्याप्रमाणं केलं. वर टकळी खोचलेली. काका बैलाच्या वेसणीशी उगाच चाळा करत होते. माय दारामागं, हातात पीठ लागलेलं.

आबाजी बाहेर आले. बंडीकडं पाहून काकांना म्हणाले, "रिकामी काऊन उभी केली? कापूस भरा ना. सेलूच्या जिनिंगात न्या लागते."

काकांनी विचारलं, "अन् हिचं?"

"हिचं काय?" आबाजी म्हणाले. "सुनबाईले काय झालं?"

काका असे धावले कापसाच्या कोठ्याकडं की आबाजी मागून ओरडले, "अरे, सावकाश, पाय मोडून घेशीन!" काकूनं गाठोडं उचललं आणि आत गेली. जाताना दाराशी मायला धडकली. दोघी काही वेळ दाराआडच होत्या. बाहेर आल्या तेव्हा काकूच्या पाठीवर मायच्या हाताची पिठाची खूण होती. ती दिवसभर कोणी पुसली नाही.

मी आबाजींसोबत बंडीमागं वेशीपर्यंत गेले. बंडी पुढं गेल्यावर आबाजींनी मला विचारलं, "पोरी, तुह्या मायनं त्या गोष्टीले कोनता रंग लावला?"

मी म्हटलं, "अजून नाई ठरला, आबाजी."

ते म्हणाले, "बरं हाये. ठरला तं मले सांगजो." आणि जरा थांबून, "तुही आजी गेली, तवापासून एक गोष्ट माह्यापाशीही हाये. कधीतरी सांगाची म्हनतो."

ती त्यांनी सांगितली की नाही मला ठाऊक नाही. मला तरी सांगितली नाही. पण त्यानंतर वावरात ते कधी कधी तुरीच्या आड, पाठ करून, धुऱ्यावर बसलेले दिसायचे. आता खाकरून बसायचे. आणि बायका पदर ओढायच्या पण गोष्ट बंद करायच्या नाहीत.

पुढच्या हंगामात पहिल्या वेच्याला मायनं खडे मांडले, कुंकू लावलं, आणि दहीभाताची वाटी हातात घेऊन धुऱ्याकडं पाहिलं. काकू तिथं उभी होती, मागच्या वर्षीसारखीच. माय तिथूनच ओरडली, "ये ना व! मी काय दिवसभर वाटी धरून राहू?"

काकू म्हणाली, "लेकुरवाळीनं कराव लागते ना, जाऊबाई."

"मंग?" माय म्हणाली. "तू आमाले सांगतलं नाई का लेकराचं? आमी आयकलं नाई का?"

मावशी म्हणाली, "ये व बाई, भात वाळून राह्यला."

काकू आली. वाटी घेतली. तिनं दहीभात शिंपडला, पहिलं बोंड तोडून पदरात घेतलं आणि पातीत उभी राहिली. मायनं नेहमीसारखं पांढरीनं सुरू करायला तोंड उघडलं, मग मिटलं आणि काकूला विचारलं, "आज कोनती?"

काकू थोडा विचार करून म्हणाली, "त्याचं नाव ठेवल्याची राह्यली हाये. त्या दिवशी केवढा गोंधळ झालता नालवाडीले, तुमाले मालूमच नाई."

आणि ती सांगायला लागली, आणि मी हूं दिलं.